तळाचा थर

विद्यार्थी मित्रांनो, गोपाळकाल्याच्या दिवशी दहीहंडी फुटते तेव्हा तुम्ही कोणाकडे पाहता? खरे सांगा. सर्वांत वर चढलेल्या त्या चिमुरड्या गोविंदाकडेच ना? साऱ्या आळीच्या माना वर असतात. हंडी फुटते, दही-पाणी खाली सांडते, टाळ्या पडतात. तळाच्या थरातले गडी मात्र माना खाली घालून, एकमेकांचे दंड घट्ट धरून उभे असतात. हंडी कशी फुटली हे त्यांच्यापैकी एकालाही दिसत नाही. पण तेच जर हलले, तर वरचे काहीच शिल्लक राहणार नाही.

आता अशी कल्पना करा, की हाच मनोरा पाण्यात रचायचा आहे. पाणी तीन मीटर खोल. तळाला पाय टेकवायचा नाही. टेकला तर गुण कापले जातात. खालच्या मुलींनी श्वास रोखून पाण्याखाली जागा धरायची, वरच्या मुलीला पाण्याबाहेर उसळून द्यायचे, तिने हवेत गिरकी घ्यायची आणि पुन्हा सर्वांनी एकाच तालावर पुढची हालचाल सुरू करायची. शिवाय चेहऱ्यावर हसू हवे! या खेळाला कलात्मक जलतरण म्हणतात. २०१७ सालापर्यंत त्याचे अधिकृत नाव सिंक्रोनाइज्ड स्विमिंग, म्हणजे तालबद्ध जलतरण, असे होते.

या खेळातल्या एका जपानी खेळाडूची कारकीर्द मी आज तुम्हांला सांगणार आहे आणि तिच्या निमित्ताने पेण आणि रोहा या आपल्या दोन तालुक्यांबद्दल माझे एक मत मांडणार आहे. जपान कुठे आणि रोहा कुठे, असे तुम्ही म्हणाल. थोडा धीर धरा. दोन्हींना जोडणारी गोष्ट पाण्याखाली आहे, म्हणून ती चटकन दिसत नाही इतकेच.

चार रौप्य, एक कांस्य

हा खेळ ऑलिंपिकमध्ये आला १९८४ साली, लॉस एंजेलिसला. तेव्हा एकटीची आणि जोडीची अशा दोनच स्पर्धा होत्या. जपानने दोन्हींत कांस्यपदक मिळविले. १९८८ साली सोलला आणि १९९२ साली बार्सिलोनालाही तसेच घडले. जपानचा नंबर तिसरा तो तिसराच.

१९९६ साली अटलांटाला प्रथमच संघाची स्पर्धा झाली. पाण्यात एकाच वेळी आठ जणी. अमेरिकेला सुवर्ण, कॅनडाला रौप्य आणि जपानला कांस्य मिळाले. या जपानी संघात मिया ताचिबाना नावाची खेळाडू होती. तिचा जन्म १९७४ चा. म्हणजे तेव्हा तिने बाविशीही गाठली नव्हती.

चार वर्षांनी, २००० साली सिडनीला, जपानचा संघ एक पायरी वर चढला आणि त्याला रौप्यपदक मिळाले. जोडीच्या स्पर्धेतही ताचिबाना आणि तिची सहकारी मिहो ताकेदा यांनी रौप्य पटकाविले. २००१ साली जपानमधल्या फुकुओका शहरात जागतिक अजिंक्यपद स्पर्धा भरली. तिथे या जोडीने सुवर्णपदक मिळविले. या खेळातले जपानचे ते पहिले जागतिक सुवर्ण होते. २००४ साली अथेन्सच्या ऑलिंपिकमध्ये पुन्हा संघाला रौप्य आणि जोडीलाही रौप्य मिळाले. त्यानंतर ताचिबाना निवृत्त झाली.

हिशेब करा. ऑलिंपिकची पदके पाच: चार रौप्य, एक कांस्य. सुवर्ण एकही नाही. ताकेदाचा हिशेबही अगदी असाच आहे. सिडनी असो की अथेन्स, पुढे रशियाच होता. सिडनीच्या संघस्पर्धेत तर शंभरांपैकी एका गुणाहूनही कमी फरकाने सुवर्ण हुकले.

या दोघींना घडविणाऱ्या प्रशिक्षिका मासायो इमुरा या पूर्वी शाळेत शिक्षिका होत्या. शिस्तीला फार कडक म्हणून त्यांची ख्याती. पुढे त्यांनी चीनच्या संघालाही शिकविले आणि चीनने २००८ साली संघस्पर्धेत कांस्य, तर २०१२ साली रौप्य मिळविले. त्यानंतर इमुराबाई जपानला परतल्या आणि २०१६ साली रिओला जपानी संघाला पुन्हा कांस्य मिळाले. २०२४ साली पॅरिसला संघाचे सुवर्ण चीनने जिंकले. विद्या एका देशातून दुसऱ्या देशात कशी जाते, याचे हे चांगले उदाहरण आहे.

पाण्याखाली काय चालते?

पुष्कळांना हा खेळ म्हणजे पाण्यातला नाच वाटतो. चोपून बसविलेले चकचकीत केस, झगमगीत पोशाख, हसरे चेहरे. यात कष्ट ते कसले, असे विचारणारे आजही भेटतात. केसांपुरते बोलायचे तर तिथेही विज्ञान आहे. केसांवर जिलेटिनचा लेप लावलेला असतो. जिलेटिन गार पाण्यात विरघळत नाही, गरम पाण्यात विरघळते. म्हणून तलावात केस विस्कटत नाहीत आणि नंतर गरम पाण्याने धुतले की लेप निघून जातो. पण खरे कष्ट याच्या कितीतरी खाली आहेत.

असे समजा, की ५४ किलो वजनाची एक खेळाडू पाण्यात डोके खाली, पाय वर अशी उभी आहे. माणसाचे दोन्ही पाय मिळून त्याच्या वजनाचा साधारण तिसरा हिस्सा असतो. इथे तो १८ किलो झाला. पाय पाण्यात असतात तोवर त्यांचा भार जाणवत नाही. आर्किमिडीजचे तत्त्व तुम्हांला ठाऊकच आहे: बाजूला सारलेल्या पाण्याच्या वजनाइतके बल वस्तूला वर ढकलते. पण पाय कमरेपर्यंत पाण्याबाहेर काढले की ही मदत संपली. आता ते १८ किलो कोणी पेलायचे? तिच्या दोन हातांनी.

घरी एखाद्या मोठ्या बादलीत १८ लिटर पाणी भरा आणि ती बादली उचलून अर्धा मिनिट धरून पाहा. तेवढा भार ही मुलगी पाण्याखाली, उलटी, श्वास रोखून, नुसते हात वल्हवून तोलते. तळवे थोडे तिरके धरून ती हात आत-बाहेर, आत-बाहेर असे सारखे फिरविते. तळव्यांनी पाणी खाली रेटले जाते आणि न्यूटनच्या तिसऱ्या नियमाप्रमाणे पाणी तिला वर रेटते. हात क्षणभर थांबले की पाय बुडू लागतात. बाहेरून मात्र ते पाय देवळातल्या खांबासारखे स्थिर दिसले पाहिजेत.

डोके वर असताना हे काम पाय करतात. ताक घुसळताना रवी जशी एकदा उजवीकडे, एकदा डावीकडे फिरते, तसे दोन्ही पाय गुडघ्यापासून आळीपाळीने उलटसुलट फिरत राहतात. त्यामुळे हात नाचवायला मोकळे राहतात आणि खांदे पाण्याबाहेर टिकतात.

आता पुन्हा मनोऱ्याकडे वळू. दहीहंडीत तळाचा थर जमिनीला दाबतो आणि जमीन तितक्याच बलाने त्याला वर दाबते. जमीन हलत नाही, म्हणून मनोरा थोडा वेळ तरी उभा राहतो. पाणी मात्र दाबले की सरकते. खालच्या मुली वरच्या मुलीला वर ढकलतात, तेव्हा त्या स्वतः खाली ढकलल्या जातात. म्हणून पाण्यातला मनोरा क्षणातच विरतो. त्या एका क्षणासाठी सर्व जणींनी आपले बल नेमके एकाच वेळी लावावे लागते. एकीने अर्धा सेकंद उशीर केला तर वरची मुलगी तिरकी पडते. आणि खाली कोण चुकली, हे प्रेक्षकांना कळतही नाही.

माझ्या मते या खेळाचे मर्म इथेच आहे. दिसते ती एक, आणि तिला दिसू देणाऱ्या सात.

कानांचा खेळ

आठ जणींना एकच ताल ऐकू कसा येतो? प्रजासत्ताक दिनाला तुम्ही मैदानात लेझीम खेळता तेव्हा हलगी सर्वांना ऐकू येते. पाण्याखाली बुडी मारली की बाहेरचा आवाज जवळजवळ नाहीसा होतो. याचे कारण असे, की हवेतून आलेला बहुतेक ध्वनी पाण्याच्या पृष्ठभागावरून परत फिरतो, आत फारच थोडा शिरतो. म्हणून या खेळासाठी तलावाच्या पाण्यातही ध्वनिक्षेपक बसवितात.

पाण्यात ध्वनीचा वेग सेकंदाला सुमारे १,४८० मीटर असतो, हवेत सुमारे ३४०. म्हणजे पाण्यात तो चौपटीहून अधिक वेगाने जातो. २५ मीटर अंतर कापायला ध्वनीला हवेतून सुमारे सात शतांश सेकंद लागतात, पाण्यातून दोन शतांशांहूनही कमी. आणखी एक गंमत आहे. आवाज कोणत्या बाजूने आला हे आपण दोन्ही कानांवर तो पोचण्यातल्या सूक्ष्म अंतरावरून ओळखतो. पाण्यात वेग वाढल्यामुळे हे अंतर इतके कमी होते, की दिशा नीट कळत नाही. म्हणून नुसत्या कानांवर विसंबून भागत नाही. प्रत्येक खेळाडू मनातल्या मनात मात्रा मोजत असते, आणि तीच मोजणी शेकडो वेळा घोटलेली असते.

घरी एक प्रयोग करा. बादली पाण्याने भरून तिच्या बाहेरच्या अंगाला कान लावा. मित्राला दोन चमचे आधी हवेत आणि मग पाण्यात एकमेकांवर वाजवायला सांगा. काय फरक पडतो, तो वहीत नोंदवा.

इथे एक सक्त ताकीदही देतो. या खेळाडू श्वास रोखतात म्हणून तुम्ही नदीत वा विहिरीत श्वास रोखण्याच्या पैजा लावू नका. श्वास घ्यावासा वाटतो तो मुख्यतः रक्तात कार्बन डायऑक्साइड वाढल्यामुळे. बुडी मारण्यापूर्वी भराभर खोल श्वास घेतले तर हा वायू कमी होतो, पण प्राणवायूचा साठा फारसा वाढत नाही. मग श्वासाची निकड जाणवण्याआधीच शुद्ध हरपू शकते. पाण्याखाली शुद्ध हरपणे म्हणजे काय, हे वेगळे सांगायला नको. या खेळाडूंचा सराव प्रशिक्षकांच्या डोळ्यांसमोर चालतो, हे विसरू नका.

सौंदर्याला गुण देता येतात का?

धावण्याच्या शर्यतीत घड्याळ निकाल देते. या खेळात परीक्षक देतात. मग ताचिबानाची रौप्यपदके खरी की परीक्षकांच्या आवडीनिवडीचा खेळ?

शंका रास्त आहे. पण प्रयोगशाळेत तुम्ही काय करता ते आठवा. लंबकाचा दोलनकाल एकदाच मोजून थांबत नाही. चार-पाच वेळा मोजता आणि सरासरी काढता. ताचिबानाच्या काळात अनेक परीक्षक दहापैकी गुण देत. तंत्राला वेगळे गुण आणि कलेला वेगळे. त्यांतले सर्वांत जास्त आणि सर्वांत कमी गुण सोडून देऊन उरलेल्यांची सरासरी घेत. एखाद्याचे डोळे अधिक उदार किंवा अधिक कठोर असले तरी त्याने निकाल बिघडू नये, ही त्यामागची युक्ती. २०२३ पासून पद्धत आणखी काटेकोर झाली आहे. कोणत्या अवघड हालचाली करणार हे संघाने आधी लिहून द्यायचे, आणि सांगितल्याप्रमाणे त्या झाल्या नाहीत तर त्या हालचालींचे गुण मोठ्या प्रमाणात घसरतात.

तरीही सौंदर्य पुरतेपणी आकड्यांत सापडत नाही, हे मी मान्य करतो. पेणच्या गणपतीच्या कारखान्यात कधी गेला आहात ना? हमरापूर, जोहे या गावांत तर घरोघरी हे काम चालते. गिऱ्हाईक मूर्तीच्या डोळ्यांकडे पाहते आणि म्हणते, “काय सुंदर आहे!” डोळ्यांची आखणी करणाऱ्या कारागिराचा हात खरोखरच थोर असतो. पण शाडू नीट मळला नसता, साच्यात दाबून बसविला नसता, मूर्ती सावकाश वाळविली नसती, तर डोळे रेखायला मूर्ती उरलीच नसती, तिला तडे गेले असते. सौंदर्य मोजता आले नाही, तरी त्याच्या खालचा पाया तपासता येतो. परीक्षक तोच तपासतात.

म्हणूनच चार रौप्यपदकांना अपयश म्हणणाऱ्यांशी माझे जमत नाही. तुमच्यापैकी कोणाचा वर्गातला पहिला नंबर अर्ध्या गुणाने गेला असेल, तर तुमचेही ज्ञान त्या अर्ध्या गुणाएवढेच उणे असते. त्याहून जास्त नाही.

तलाव कोठून आले?

आता मूळ मुद्द्यावर येतो. ताचिबाना तळाच्या थरावर उभी होती, तो थर संघातल्या मुलींचा होता. पण त्या थराखालीही एक थर होता. तो कोणता?

११ मे १९५५ रोजी जपानच्या सेतो अंतर्गत समुद्रात दाट धुके पडले होते. ‘शिउन मारू’ नावाची प्रवासी बोट दुसऱ्या बोटीवर आदळली आणि बुडाली. १६८ माणसे मेली. त्यांतली १०० शाळेच्या सहलीला निघालेली मुले होती, आणि त्यांतही मुलींची संख्या मोठी होती. साऱ्या देशाला हळहळ वाटली. पण जपानी लोक हळहळून थांबले नाहीत. मुलांना शाळेतच पोहायला शिकविले पाहिजे, ही मागणी जोराने पुढे आली. नंतरच्या काही दशकांत देशभरच्या शाळांत पोहण्याचे तलाव बांधले गेले आणि पोहणे हा शाळेतल्या शिक्षणाचा भाग झाला. आता त्यांतले काही तलाव जुने झाल्यामुळे बंद होऊ लागले आहेत, ही गोष्ट वेगळी. ताचिबाना आणि ताकेदा १९७० च्या दशकात जन्मल्या, त्या अशा देशात, जिथे सामान्य घरातल्या मुलीने पाण्यात उतरणे ही रोजची बाब झाली होती. लाखो मुलांनी तरंगायला शिकावे, तेव्हा त्यांतून आठ जणींचा संघ निघतो. पदक हा सर्वांत वरचा थर आहे. शाळेचा तलाव हा तळाचा.

आता आपल्याकडे पाहा. १७ जुलै १९४७ रोजी मुंबईच्या भाऊच्या धक्क्यावरून रेवसला निघालेली ‘रामदास’ बोट वाटेत बुडाली. सहाशेंहून अधिक माणसे गेली. रेवस हे बंदर धरमतर खाडीच्या तोंडाशी आहे, आणि ती खाडी पेण तालुक्याला लागूनच आत येते. आपल्या जिल्ह्याला तेव्हा कुलाबा म्हणत. त्यातली कितीतरी घरे त्या दिवशी उजाड झाली. तुमच्या आजी-आजोबांनी ही गोष्ट वडीलधाऱ्यांकडून ऐकली असेल, त्यांना विचारा. शिउन मारूच्या आधी आठ वर्षे ‘रामदास’ बुडाली. आपणही रडलो. पण शाळेत पोहायला शिकवावे, हा धडा आपण घेतला नाही.

पोहता येत असते तर ते सगळे वाचले असते, असे मी म्हणणार नाही. जुलैतल्या खवळलेल्या समुद्रापुढे पट्टीचा पोहणाराही हतबल होतो. माझे म्हणणे एवढेच आहे, की एका देशाने दुःखातून तलाव बांधले आणि दुसऱ्याने नुसती आठवण जपली.

मग आपण काय करावे?

पेणला भोगावती आहे, रोह्याला कुंडलिका. भिऱ्याच्या वीजकेंद्रातून सुटलेले पाणी येत असल्यामुळे कुंडलिकेला उन्हाळ्यातही पाणी असते. खाड्या, तळी, विहिरी, खाजणे, मिठागरे. आपले सारे जगणे पाण्याच्या काठावर. पण तुमच्या वर्गात “पोहता येते त्यांनी हात वर करा” असे विचारून पाहा. नंतर मुलींना वेगळे विचारा. किती हात वर आले, ते मोजा. नदीवर धुणे न्यायला मुलगी चालते, घागर आणायला चालते. मग पोहायला का चालू नये? पाणी बुडविताना मुलगा-मुलगी पाहत नाही.

म्हणून माझे स्पष्ट मत आहे, की आपल्या तालुक्यांत पाण्यावर तरंगायला शिकणे हा शाळेचाच विषय असावा, पाढ्यांसारखा. सातवी संपण्यापूर्वी प्रत्येक मुलामुलीला पाण्यात पडल्यावर उताणे होऊन काही मिनिटे तरंगता यावे आणि काठापर्यंत पोचता यावे. स्पर्धा, पदके, कलात्मक जलतरण हे सारे नंतर.

यावर तीन आक्षेप येतील. पहिला पैशाचा. प्रत्येक शाळेला तलाव कुठून आणायचा? आणायची गरजच नाही. छातीइतक्या पाण्याचा एक तलाव तालुक्यातल्या सर्व शाळांना पाळीपाळीने वापरता येईल. बांगलादेशात तर गावच्या तळ्यात बांबूंचे कुंपण आणि मचाण बांधून हजारो मुलांना पोहायला शिकविले गेले आहे. बांबू आणि तळी आपल्याकडे काय कमी आहेत?

दुसरा आक्षेप धोक्याचा. पाण्यात नेले आणि अपघात झाला तर? ही भीती खरी आहे. पण मुले पाण्याकडे जायची थांबत नाहीत. ती मोठ्यांच्या नकळत जातात, धोका तिथे आहे. जाणत्या माणसाच्या देखरेखीखाली, दोरी आणि तरंगते साधन हाताशी ठेवून, कुंपण घातलेल्या उथळ पाण्यात शिकणे हा त्या धोक्यावरचा उपाय आहे. पूर्वी कोकणात पाठीला रिकामा डबा किंवा सुका भोपळा बांधून पोहायला शिकवीत. त्यातही आर्किमिडीजच होता. घट्ट बंद केलेला १५ लिटरचा रिकामा डबा पाण्यात पूर्ण बुडाला, तर स्वतःचे सुमारे एक किलो वजन वजा जाता १४ किलोंच्या भाराइतका वर उचलतो.

तिसरा आक्षेप वेळेचा. अभ्यासाचे तास कमी होतील, असे पालक म्हणतील. त्यांना सांगा, घनता, उत्प्लावक बल, क्रिया-प्रतिक्रिया, ध्वनीचा वेग, श्वसन, ही पाठ्यपुस्तकातली प्रकरणे त्या तासाला अंगावर येऊन शिकवितात. फुप्फुसे भरून घेतली की शरीर तरंगते आणि श्वास सोडला की खाली जाऊ लागते, हे एकदा अनुभवलेला विद्यार्थी घनतेची व्याख्या जन्मात विसरणार नाही.

एक मात्र ध्यानात ठेवा. पोहता येते म्हणून पुराच्या पाण्यात कधीही उतरू नये. वरून पाणी सोडल्यावर नदीची पातळी एकाएकी वाढते, तेव्हा पात्रात थांबू नये. कारखान्यांचे सांडपाणी मिसळते तिथे पाण्यात जाऊ नये. आणि कोणी बुडताना दिसला तर उडी टाकण्याआधी दोरी, बांबू, रिकामा डबा, जे हाती येईल ते त्याच्याकडे टाकावे, आणि आरडाओरड करून मोठ्यांना बोलवावे. पाण्याचे भय जाणे आणि पाण्याचा मान राखणे या दोन्ही गोष्टी एकाच वेळी शिकायच्या असतात.

मित्रांनो, आपल्याकडे उद्याच कोणी ताचिबाना निर्माण होईल, असे स्वप्न मी तुम्हांला दाखवीत नाही. १९५५ मध्ये बोट बुडाली आणि पहिले जागतिक सुवर्ण आले २००१ मध्ये. मध्ये ४६ वर्षे गेली. पण त्या ४६ वर्षांत किती मुले बुडता बुडता तरंगून काठाला लागली असतील, त्यांचे नाव कोणत्याही पदकावर कोरलेले नाही. तळाचा थर असाच असतो.

तेव्हा एक काम करा. वर्गातल्या हातांची जी मोजणी सांगितली, ती खरोखर करा. मुले किती, मुली किती, पोहता येणारे किती, हे एका कागदावर नीट लिहा. तो कागद घेऊन मुख्याध्यापकांकडे जा, पालकसभेत वाचून दाखवा, ग्रामपंचायतीत नाहीतर नगरपालिकेत द्या. नुसती तक्रार कोणी ऐकत नाही, पण मोजलेला आकडा सहसा टाळता येत नाही. विज्ञानाच्या विद्यार्थ्याच्या हातात एवढे तरी बळ नक्कीच असते.